समोर कोण बसलं होतं? बुद्धिबळाच्या दिग्गजांविषयी वाचकांचे प्रश्न

प्रश्न : बॉबी फिशरचं सर्वोच्च मानांकन २७८५ होतं. अर्जुन एरिगैसीने २८००चा टप्पा ओलांडला. मग आजची मुलं फिशरपेक्षा मोठी म्हणायची का?

आकडे असे शेजारी ठेवून तुलना होत नाही. एलो मानांकन एवढंच सांगतं की त्या काळातल्या बाकीच्या खेळाडूंच्या तुलनेत हा कुठे होता. १९७२ मध्ये फिशर २७८५वर होता तेव्हा दुसऱ्या क्रमांकावरचा बोरिस स्पास्की २६६०वर होता. १२५ गुणांचं हे अंतर मला त्या २७८५पेक्षा कितीतरी जास्त सांगून जातं.

आणि हे गुण कोणाविरुद्ध मिळवले तेही बघा. जगज्जेत्याला आव्हान कोण देणार हे ठरवणाऱ्या १९७१च्या आव्हानवीरांच्या लढतींत त्याने आधी मार्क तैमानोव्हला ६-० हरवलं, मग बेंट लार्सनला पुन्हा ६-०. त्या पातळीवर बरोबरी हा रोजचा निकाल असतो. सलग बारा डावांत समोरच्याला अर्धा गुणही मिळू नये हे तेव्हा कोणी कल्पनेतही आणलं नसतं. लार्सन काही ऐरागैरा नव्हता. आदल्याच वर्षी बेलग्रेडला सोव्हिएत संघाविरुद्ध ‘उर्वरित जग’ असा सामना झाला, तेव्हा पहिल्या पटावर लार्सन बसला होता आणि फिशर दुसऱ्या. तैमानोव्हला तर मायदेशी परतल्यावर शिक्षा भोगावी लागली. सोव्हिएत ग्रँडमास्टर एकही डाव न वाचवता हरतो, हे तिथल्या अधिकाऱ्यांच्या पचनीच पडलं नाही.

अर्जुनची पिढी कमी आहे असा याचा अर्थ नाही. तिला आज दर आठवड्याला आपल्याच ताकदीचे दहा जण भेटतात. फिशरला असं कोणी भेटलं नाही, आणि पुढे त्याने कोणाला भेटूही दिलं नाही.

प्रश्न : फिशर खेळलाच नाही म्हणून अनातोली कार्पोव्ह जगज्जेता झाला. अशा माणसाला थोरांच्या यादीत का घालता?

हा आक्षेप मी नेहमी ऐकतो आणि दर वेळी वाईट वाटतं, कारण कार्पोव्हवर इतका अन्याय दुसऱ्या कशाने झालेला नाही. १९७५ मध्ये तो न खेळता जगज्जेता झाला, हे खरं. तेव्हा जगज्जेता असलेल्या फिशरची अट होती की सामना दहा विजयांपर्यंत चालावा आणि ९-९ झाल्यास किताब जगज्जेत्याकडेच राहावा. फिडेने, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघाने, ही दुसरी अट नाकारली आणि फिशरने अंग काढून घेतलं. यात कार्पोव्हचा काय दोष? तिथवर पोहोचताना त्याने पोलुगायेव्हस्की, स्पास्की आणि कोर्चनोई या तिघांना हरवलं होतं.

त्यानंतर त्याला बसून राहता आलं असतं. तो मात्र स्पर्धांमागून स्पर्धा खेळत आणि जिंकत राहिला. मग समोर आला गॅरी कास्पारोव्ह. सप्टेंबर १९८४ मध्ये मॉस्कोत सुरू झालेला त्यांचा पहिला सामना फेब्रुवारी १९८५ मध्ये ४८ डावांनंतर निकालाशिवाय थांबवला गेला. सहा विजय आधी मिळवेल तो जगज्जेता, असा नियम होता. कार्पोव्ह एका वेळी ५-०ने पुढे होता. थांबला तेव्हा ५-३. बाकीचे चाळीस डाव बरोबरीत. सहावा विजय काही केल्या मिळेना, आणि बावीस वर्षांचाही नसलेला कास्पारोव्ह त्या चाळीस बरोबऱ्यांमध्ये बचाव शिकला. माझं ठाम मत आहे की पुढची वीस वर्षं पहिल्या क्रमांकावर राहिलेला कास्पारोव्ह त्याच सभागृहात घडला, आणि त्याला घडवणारा कार्पोव्हच होता.

जगज्जेतेपदासाठी हे दोघे एकूण पाच सामने खेळले, १४४ डाव. कास्पारोव्हचे विजय २१, कार्पोव्हचे १९. इतक्या डावांनंतर फक्त दोनचा फरक! १९८७ मध्ये सेव्हिलला, तोवर जगज्जेता झालेल्या कास्पारोव्हला शेवटचा डाव जिंकावाच लागला, तेव्हा कुठे १२-१२ अशी बरोबरी होऊन किताब वाचला. आणि ज्यांना वाटतं की कास्पारोव्हने कार्पोव्हला संपवलं, त्यांनी लिनारेसच्या १९९४च्या स्पर्धेचा तक्ता काढून बघावा. जगातले जवळपास सगळे अव्वल खेळाडू तिथे होते. बेचाळीस वर्षांच्या कार्पोव्हने १३ पैकी ११ गुण घेतले, एकही डाव हरला नाही, आणि कास्पारोव्ह अडीच गुणांनी मागे राहिला.

प्रश्न : दिव्या देशमुखला एकही नॉर्म नसताना ग्रँडमास्टर किताब कसा मिळाला? नियम सगळ्यांना सारखे नकोत का?

नियम सारखाच आहे, फक्त वाटा दोन आहेत. नेहमीची वाट म्हणजे २५०० मानांकन आणि तीन नॉर्म. नॉर्म मिळायला एका स्पर्धेत साधारण २६०० दर्जाची कामगिरी करावी लागते, तीही ठरावीक संख्येने किताबधारक आणि परदेशी खेळाडू समोर असताना. दुसरी वाट म्हणजे काही मोजक्या मोठ्या स्पर्धांचं विजेतेपद. महिला विश्वचषक त्यातला एक. जुलै २०२५ मध्ये बातुमीला अंतिम फेरीत तिने कोनेरू हंपीला जलद डावांत (बरोबरी फोडण्यासाठीच्या, कमी वेळाच्या) हरवलं आणि ती भारताची ८८वी ग्रँडमास्टर झाली. हंपी २००२पासून ग्रँडमास्टर आहे. समोर ती असताना हा किताब सोपा होता असं कोणी म्हणू नये.

प्रश्न : भारताचा पहिला ग्रँडमास्टर आनंद की मीर सुलतान खान?

विश्वनाथन आनंद, १९८८. सुलतान खानच्या काळात फिडेचा हा किताबच नव्हता. तो १९५०पासून अधिकृतपणे दिला जाऊ लागला. फाळणीपूर्व पंजाबातल्या या माणसाने सर उमर हयात खान यांच्या पदरी राहून इंग्लंड गाठलं, १९२९, १९३२ आणि १९३३ अशी तीनदा ब्रिटिश अजिंक्यपदं जिंकली आणि हेस्टिंग्जला माजी जगज्जेत्या कापाब्लांकाला हरवलं. हा तोच कापाब्लांका, जो १९१६ ते १९२४ अशी आठ वर्षं एकही डाव हरला नव्हता. धनी मायदेशी परतले तसा सुलतान खानही परतला आणि मोठ्या स्पर्धांतून दिसेनासा झाला. फिडेने २०२४ मध्ये त्याला मरणोत्तर मानद ग्रँडमास्टर केलं. फार उशिरा केलं.

प्रश्न : मुलगी तेरा वर्षांची आहे. बाराव्या वर्षी ग्रँडमास्टर होणारी मुलं पाहिली की तिला उशीर झाला असं वाटतं. खेळ सुरू ठेवावा का?

जरूर ठेवा. अभिमन्यू मिश्रा १२ वर्षं ४ महिन्यांचा असताना ग्रँडमास्टर झाला, गुकेश १२ वर्षं ७ महिन्यांचा. पण ही फार थोड्या मुलांची गोष्ट आहे. बोरिस गेल्फंड जगज्जेतेपदाचा पहिला सामना खेळला तो २०१२ मध्ये, त्रेचाळिसाव्या वर्षी, आणि आनंदला त्याने जलद डावांपर्यंत ओढलं. व्हिक्टर कोर्चनोईने ऐंशीव्या वर्षी स्वित्झर्लंडचं राष्ट्रीय विजेतेपद जिंकलं.

तिला विक्रमांच्या याद्या दाखवण्याऐवजी यूदित पोल्गारचे डाव दाखवा. ती बहुतेक काळ फक्त मुलींसाठीच्या स्पर्धा टाळून पुरुषांच्या बरोबरीने खेळली, जगात आठव्या क्रमांकापर्यंत पोहोचली आणि २००२ मध्ये मॉस्कोत कास्पारोव्हला जलद डावात हरवलं. सोबत २०२४च्या सिंगापूरमधल्या जगज्जेतेपदाच्या सामन्यातला चौदावा डावही पटावर मांडा. डिंग लिरेन हत्ती एफ-२वर नेतो, त्याच्या लक्षात येत नाही की हत्तींपाठोपाठ उंटांचीही मारामारी होणार आणि उरलेल्या प्याद्यांचा डाव गुकेश जिंकणार. तिथे थांबा, गुकेशची पुढची चाल सांगू नका आणि ती शोधायला तिला हवा तेवढा वेळ द्या.