हरवलेल्या मुलाचा शोध घेताना

प्रश्न : आमच्या वाड्यावरचा तेरा वर्षांचा मुलगा शिकवणीला गेला तो परतलाच नाही. पोलिसांत तक्रार दिली आहे. त्याचा फोटो, शाळा आणि पत्ता मंडळातर्फे व्हॉट्सॲपवर पाठवावा का? गावात भाड्याने राहणाऱ्या परप्रांतीय कामगारांच्या खोल्या तपासाव्यात, असाही काहींचा आग्रह आहे.
– एक वाचक, डिचोली

उत्तर : खोल्या तपासायला कृपा करून जाऊ नका. दुसऱ्याच्या घरात बळेच शिरणे किंवा कुणाला डांबून ठेवणे हा गुन्हा आहेच; शिवाय मुले पळवणारी टोळी समजून जमावाने पाच निरपराध माणसांना ठार मारल्याची धुळे जिल्ह्यातील राईनपाड्याची घटना २०१८ मधलीच आहे. कोणी परप्रांतीय आहे, एवढ्यावरून संशय घेता येत नाही. ठोस काही कळले असेल, तर ते तपास अधिकाऱ्याला सांगावे.

पालकांच्या हाती एफआयआरची प्रत आहे का, हे मात्र आजच पाहा. मूल हरवल्याची तक्रार आली की अपहरण किंवा तस्करी गृहीत धरून गुन्हा नोंदवावा, असा सर्वोच्च न्यायालयाचा २०१३ चा आदेश आहे. त्यामुळे नुसत्या पोचपावतीवर समाधान मानू नये.

कार्यकर्त्यांनी शिकवणीच्या वाटेवरचे दुकानदार आणि त्या वेळच्या बसचे कंडक्टर यांच्याकडे विचारपूस करावी. सीसीटीव्हीचे जुने चित्रण काही दिवसांत आपोआप पुसले जाते, म्हणून ते जपून ठेवण्याची विनंती दुकानदाराला करून पोलिसांना लगेच कळवावे; स्वतः ते फिरवू नये.

फोटोच्या बाबतीत, पोलिसांनी काढलेले पत्रक असेल तेच जसेच्या तसे पाठवा. बाल न्याय अधिनियम, २०१५ नुसार बेपत्ता मूल हे काळजी व संरक्षणाची गरज असलेले मूल ठरते आणि अशा मुलाची ओळख, शाळेच्या नावासह, परवानगीविना प्रसिद्ध केल्यास सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. मुलगा सापडल्यावर तर तो फोटो सगळीकडून काढून टाकायलाच हवा, कारण पुढची कित्येक वर्षे त्याला त्याच गावात वावरायचे आहे.

तो तुम्हालाच सापडला, तर थेट घरी पोचवण्याची घाई करू नका. मी घरच्यांवर आरोप करत नाही. पण मूल आपणहून निघून गेले असेल, तर घरातच त्याला काही असह्य झाले असण्याची शक्यता असते, आणि आई-वडिलांसमोर ते त्याच्या तोंडून निघणार नाही. त्याला खाऊ-पिऊ घाला, उलटतपासणी घेऊ नका, आणि १०९८ या मुलांसाठीच्या मदतवाहिनीवर किंवा पोलिसांना लगेच कळवा. कायद्याने यासाठी २४ तासांची मुदत दिली आहे. त्याला घरी कधी पाठवायचे, हे त्याचे म्हणणे ऐकून बाल कल्याण समिती ठरवील.