चटणी कोरडी की पातळ, ते आधी विचारा

या अंकात चटणीवरची पत्रे एकत्र घेतली आहेत. प्रश्न वेगवेगळे असले तरी गोंधळ एकच आहे. नाव एक, पदार्थ भलताच.

प्रश्न : मुलगी लंडनला असते. येताना तिने मँगो चटणीची बाटली आणली. उघडली तर आंब्याचा जाम! वाटलेलं काही नाही, तिखट नावाला, वर व्हिनेगरचा वास. याला चटणी कशासाठी म्हणायचं? आणि घरी करता येईल का?
— एक वाचक, जुळे सोलापूर

उत्तर : लोणचे हा शब्द ‘लवण’पासून आला, म्हणजे मीठ त्याच्या नावातच बसले आहे. मिठाशिवाय लोणचे म्हणता येणार नाही. चटणीचे तसे नाही. हा शब्द चाटण्यावरून आला. त्यात काय घालायचे, ते शिजवायचे की वाटायचे, यातले काहीच नाव सांगत नाही. बोटाने थोडेसे घ्यायचे आणि जेवणाला चव आणायची, एवढेच ते सांगते. म्हणून हा शब्द जिथे गेला तिथे ज्याला जे सोयीचे ते त्याने त्यात भरले.

कंपनी सरकारच्या काळात इथे राहून गेलेल्या इंग्रजांना ही चव मायदेशी हवी होती. ओली, ताजी वाटलेली चटणी दोन दिवसही टिकत नाही, मग जहाजाचा काही महिन्यांचा प्रवास कुठला? टिकवण्यासाठी त्यांच्या हाताशी व्हिनेगर आणि साखर होती. त्यामुळे तिकडे चटणी म्हणजे फळ व्हिनेगर-साखरेत आटवून बाटलीत भरलेला पदार्थ असा अर्थ पक्का झाला. पुढे ते लोक सफरचंद, हिरवे टोमॅटो, आलुबुखार यांच्याही चटण्या करू लागले. आपल्या मांडणीवर तिची जागा शोधायची तर ती मेथांबा आणि गोड लोणच्याच्या शेजारी आहे, शेंगाच्या चटणीच्या शेजारी नाही.

घरी नक्की करता येते. कैरीच्या सोललेल्या फोडी १ किलो, साखर ५०० ग्रॅम, व्हिनेगर ३५० मिलि, बेदाणे १०० ग्रॅम, आले ४० ग्रॅम बारीक चिरून, लसूण २० ग्रॅम, मीठ २० ग्रॅम, सुक्या लाल मिरच्या ५-६. व्हिनेगरच्या बाटलीवर ॲसिटिक ॲसिडचे प्रमाण पाहून घ्या. ते ४ टक्क्यांच्या खाली नको, कारण टिकण्यात त्याचा मोठा वाटा असतो.

स्टीलचे जाड बुडाचे पातेले घ्या. पितळ, तांबे, ॲल्युमिनियम नको. आंबटाने धातू उतरतो आणि चटणीला कळकट चव येते. आधी साखर न घालता फोडी, आले, लसूण, मिरच्या आणि मीठ व्हिनेगरमध्ये मंद आचेवर शिजवा. फोड उलथण्याने सहज दबू लागली की मगच साखर आणि बेदाणे घाला. इथेच बहुतेकांचे चुकते. साखर आधी पडली की फोडी मऊ होत नाहीत, कडक राहतात, आणि त्या शिजेपर्यंत पाक काळपट होतो. साखर विरघळल्यावर उघड्या पातेल्यात आटवा. शेवटची दहा-पंधरा मिनिटे सतत ढवळावे लागते, नाहीतर बुडाला लागते. सगळे मिळून तास-सव्वा तास धरा.

तयार झाली हे ओळखायची खूण अशी : डाव पातेल्याच्या बुडावरून ओढला की वाट पडते आणि ती क्षणभर तशीच राहून मग भरते. वाट लगेच बुजली तर अजून पाणी आहे. बुजलीच नाही तर जास्त आटली. चटणी गार झाल्यावर आणखी घट्ट होते, म्हणून जरा सैल असतानाच उतरवा. उकळत्या पाण्यातून काढून कोरड्या केलेल्या गरम बरण्यांत गरम चटणी भरा. आतून लेप नसलेले पत्र्याचे झाकण लावू नका, ते गंजते. लगेच खाल्ली तर व्हिनेगर घशाला लागेल. चार आठवडे अंधाऱ्या जागी ठेवली की तो तिखा आंबटपणा बसतो. उघडलेली बरणी फ्रिजमध्ये ठेवा.

तिकडे ती चीजबरोबर, गार मांसाबरोबर आणि तिथल्या भारतीय हॉटेलांत पापडाबरोबर खातात. थालीपिठाशी चांगली जमते. ज्वारीच्या भाकरीशी मात्र जमत नाही, हे आमचे स्पष्ट मत.

प्रश्न : शेंगाची चटणी मिक्सरमध्ये केली की तिचा गोळा होतो. उखळातल्यासारखी येतच नाही. शिवाय मुलाला परदेशी पाठवली तर महिन्याभरात खवट झाली.
— एक वाचक, विजापूर रोड

उत्तर : शेंगदाण्यात निम्म्याच्या जवळपास तेल असते. उखळात मुसळ दाणा चेपते, तेल हळूहळू सुटते आणि तिखट-लसणाला धरून बसते. मिक्सरचे पाते दाणा कापते आणि गरमही करते. सलग फिरवला की सगळे तेल एकदम बाहेर येते आणि बारीक कूट त्यात भिजून लगदा होतो.

अर्धा किलो दाण्यांना लसूण ४० ग्रॅम, तिखट २५ ग्रॅम, जिरे २ छोटे चमचे, मीठ २ छोटे चमचे हे प्रमाण धरा. रंगासाठी ब्याडगीचे तिखट निम्मे घ्या. दाणे आधी निवडा. बुरशीचे, काळपट, सुरकुतलेले दाणे सरळ टाकून द्या. बुरशीचे विष भाजल्याने पूर्ण जात नाही, तिखटाने फक्त त्याची चव झाकली जाते. लोखंडी कढईत मंद आचेवर १५ ते १८ मिनिटे भाजा. मोठ्या आचेवर साल करपते आणि आत दाणा कच्चा राहतो. कच्चा राहिलेला दाणा ओलसर असतो, आणि चटणी मऊ पडायचे ते एक मोठे कारण. एक दाणा फोडून पाहा, मध्यापर्यंत बदामी दिसला पाहिजे.

दाणे पूर्ण गार होऊ द्या, तास तरी जाईल. साले चोळून पाखडून घ्या. उखळात आधी लसूण, जिरे आणि मीठ कांडा, मग तिखट, आणि शेवटी दाणे मूठ-मूठ घाला. सगळे एकदम घातले की वरचे दाणे नुसते उडतात. मिक्सरच वापरायचा असेल तर भांडे निम्मेच भरा. दोन-तीन सेकंद फिरवून थांबा, चमच्याने खालचे वर करा, पुन्हा फिरवा. भांडे हाताला कोमट लागले की थांबलेच पाहिजे. मुठीत दाबली की मुटका व्हावा, बोटाने टोकरला की मोकळा व्हावा आणि हाताला तेल लागावे, ही बरोबर चटणी.

परदेशी पाठवायची असेल तर लसूण कच्चा घालू नका. पातळ चकत्या करून मंद आचेवर कोरड्या कुरकुरीत होईपर्यंत भाजा. कच्च्या लसणातले पाणी चटणीत उतरते. खवटपणा येतो तो तेलाला हवा, उजेड आणि उष्णता लागल्याने. म्हणून लहान पाकिटे करा, काठोकाठ भरा, हवा काढून बंद करा. मोठी बरणी रोज उघडली की शेवटची निम्मी चटणी खवटच खावी लागते. पोचल्यावर एक पाकीट बाहेर, बाकीची फ्रिजमध्ये. पाठवण्याआधी त्या देशाचे खाद्यपदार्थांचे नियम पाहा, आणि पाकिटावर नुसते ‘चटणी’ न लिहिता ‘भाजलेल्या शेंगदाण्याची कोरडी पूड’ असे त्यांच्या भाषेत लिहा. नुसती चटणी म्हटली की तिथल्या माणसाच्या डोळ्यांसमोर पहिल्या प्रश्नातली बाटली येते. शिवाय शेंगदाण्याची ॲलर्जी अनेकांना असते, तो शब्द ठळक दिसलाच पाहिजे.

प्रश्न : शेजारच्या तेलुगू काकूंनी ‘पच्चडी’ दिली. आम्हाला वाटलं कोबी-काकडीची पचडी असेल. निघाली तेलात परतलेली अंबाडी! नक्की पचडी कोणती?
— एक वाचक, पूर्व भाग

उत्तर : दोन्ही. शब्द द्राविडी भाषांच्या घरातला आहे. तेलुगूत पच्चि म्हणजे कच्चे, पच्च म्हणजे हिरवे. आपल्याकडच्या पचडीने हा कच्चेपणा तसाच जपला आहे : कोबी, गाजर, काकडी किंवा मुळा बारीक चिरून त्यात दाण्याचे कूट, लिंबू आणि वरून फोडणी. उत्तर कर्नाटकातही कच्च्या मेथीची पचडी अशीच करतात. तमिळनाडूत पचडी म्हणाल तर बहुधा दह्यातली कोशिंबीर समोर येईल. केरळात दह्याला वाटलेले खोबरे आणि मोहरीची जोड असते.

गंमत तेलुगूत झाली. तिथे पच्चडी हा शब्द वाटलेल्या-कांडलेल्या तोंडीलावण्याकडे सरकला आणि पदार्थ बहुतेक वेळा परतलेला किंवा भाजलेला असतो. उखळात केलेली ती रोटी पच्चडी, इथे रोटीचा पोळीशी संबंध नाही, रोलु म्हणजे उखळ. वर्षभर टिकवायची ती निलव पच्चडी, म्हणजे आपले लोणचेच. आणि ‘चट्नी’ हा बाहेरून आलेला शब्द बराचसा इडली-डोशाच्या बशीत गेला. तमिळमध्येही असेच दिसते : टिफिनबरोबर, म्हणजे इडली-डोशासारख्या खाण्याबरोबर सट्नी, घरच्या भाताबरोबर तुवैयल. पाहुणा शब्द आला तरी घरच्या शब्दाने स्वयंपाकघर सोडले नाही.

काकूंनी दिलेली गोंगुरा पच्चडी असणार. अंबाडीची निवडलेली पाने २५० ग्रॅम धुऊन कापडावर पूर्ण सुकवा. ८-१० सुक्या मिरच्या, मोठा चमचा धने आणि पाव छोटा चमचा मेथ्या कोरड्या भाजा. मेथ्या लाल झाल्या की कडू होतात, तेव्हा त्या बदामी होताच उतरवा. पाने दोन मोठे चमचे तेलात परता. ती लगेच विरघळून लगदा होतात, पण तिथे थांबू नका, बाजूने तेल दिसेपर्यंत पाणी आटवा. मसाला आधी कुटा, मग पाने आणि मीठ घालून जाडसर वाटा. वर तीन मोठे चमचे तेलाची लसूण-मोहरीची फोडणी. पाणी नीट आटले असेल तर फ्रिजमध्ये आठवडाभर राहते.

आपली पचडी मात्र तासाभराची. मीठ लागताच भाजी पाणी सोडते, म्हणून मीठ आणि लिंबू पाने वाढताना घाला. दाण्याचे कूटही तेव्हाच, नाहीतर ते पाणी पिऊन चिकट होते.

प्रश्न : साताऱ्याच्या जाऊबाईंनी रश्शाची कृती दिली. त्यात ‘चार चमचे चटणी’ आहे. शेंगाची घालून पाहिली, रस्सा बिघडला.
— एक वाचक, बार्शी

उत्तर : सातारा, सांगली, कोल्हापूरकडे अनेक घरांत चटणी म्हणजे रश्शात घालायचे तिखट, बहुतेक वेळा कांदा-लसूण चटणी. मिरचीबरोबर त्यात परतलेला कांदा, लसूण, सुके खोबरे, गरम मसाला आणि मीठ असते. तुमच्याकडचे काळे तिखट तिच्या जवळचे आहे. चारऐवजी तीन चमच्यांनी सुरुवात करा, चार-पाच लसूण पाकळ्या ठेचून फोडणीत टाका आणि मीठ शेवटी चाखून घाला. जाऊबाईंच्या कृतीतले मीठ त्यांच्या चटणीतले मीठ धरून सांगितलेले असते, काळ्या तिखटात ते असेलच असे नाही. नुसते लाल तिखट घ्यायचे तर दोनच चमचे. शेंगाच्या चटणीने रस्सा दाट होऊन तेल वर सुटते आणि तळाला लागतो, तुमचे तेच झाले असणार.

तेलुगूतही ‘कारम’ म्हणजे तिखटपूड, आणि कांद्याचे, लसणाचे वाटलेले तिखट वाटणही ‘कारम’च. कोणाकडून कृती घेताना एवढेच विचारा : यात मीठ आहे का, आणि ही शिजवतात की तशीच खातात?

प्रश्न : त्रिनिदादमध्ये चटणी नावाचं संगीत आहे म्हणे. खरं का?
— एक वाचक, अक्कलकोट

उत्तर : खरे आहे. १८४५ ते १९१७ या काळात ऊसमळ्यांवर कराराने मजूर म्हणून गेलेल्या लोकांत भोजपुरी-अवधी बोलणारे पुष्कळ होते. त्यांच्या लग्नातल्या गाण्यांतून ढोलक, हार्मोनियम आणि धनताल या लोखंडी कांबेच्या तालावर जे झणझणीत नाचगाणे वाढले, त्याला तिथे चटणी म्हणतात. खायची चटणीही आहेच : चणे भरलेल्या ‘डबल्स’वर काकडीची आणि चिंचेची.

मॉरिशसमध्ये ती ‘सातिनी’ झाली. टोमॅटो, कांदा, कोथिंबीर, मिरची ठेचून केलेली, किंवा खोबरे-पुदिना-चिंचेची. तिथे मराठी घरेही पिढ्यानपिढ्या आहेत. दक्षिण आफ्रिकेत मात्र जर्दाळूच्या गोड-आंबट चटणीला आफ्रिकान्स भाषेत ‘ब्लातयांग’ म्हणतात, आणि तो शब्द मलायी ‘बलाचान’वरून आला, म्हणजे आंबवलेल्या कोळंबीच्या लगद्यावरून. शाकाहारी वाचकांनी घाबरू नये : जर्दाळूच्या बाटलीत कोळंबी नसते. पण मलेशियाच्या दुकानात ‘बलाचान’ लिहिलेले दिसले तर ती कोळंबीच.