चित्रं नेटवर फुकट दिसत असताना युरोपीय चित्रप्रदर्शनाचा जाडजूड कॅटलॉग वाचायचा कशासाठी?

तुम्हाला युरोपीय मुद्राचित्रं (धातूच्या प्लेटवर रेघा काढून त्यावरून कागदावर छापलेली चित्रं) आणि स्टिल लाइफ (निर्जीव वस्तूंची, फुलाफळांची चित्रं) यांच्या प्रदर्शनाचा कॅटलॉग भेट मिळालाय, आणि त्यात नेटवर नाही असं काय आहे, असा तुमचा प्रश्न आहे. चित्रांपुरतं म्हणाल तर फारसं काही नाही. ॲमस्टरडॅमच्या राइक्सम्युझियमच्या संकेतस्थळावर तीच चित्रं छापील पानापेक्षा कितीतरी मोठी करून बघता येतात. मी कॅटलॉग घेतो तो चित्राशेजारच्या बारीक टायपातल्या नोंदीसाठी. संचालकांचं मनोगत आणि प्रायोजकांचे आभार खुशाल ओलांडा. सुरुवातीचे लांबलचक निबंधही नंतर वाचले तरी चालतील.

डच चित्रकार रेम्ब्रांटचं १६५० सालचं शंखाचं मुद्राचित्र घ्या. निव्वळ वस्तुचित्र म्हणावं असं मुद्राचित्र त्याने हे एवढंच केलं, त्यामुळे तुमच्या पुस्तकातही ते कदाचित असेल. नोंदीत साधारण असं सापडेल: एचिंग, एन्ग्रेव्हिंग आणि ड्रायपॉइंट, ९७ × १३२ मिमी, स्टेट अमुक, बार्टश १५९.

आधी आकार बघायचा. पानभर छापलेला तो शंख मुळात पोस्टकार्डाएवढ्या कागदावर आहे! मग तंत्र. एचिंगमध्ये प्लेटवरची रेघ ॲसिड खाऊन खोल करतं. एन्ग्रेव्हिंगमध्ये ती धारदार हत्याराने कोरून काढतात. ड्रायपॉइंटमध्ये सुई थेट तांब्याच्या पत्र्यावर ओढतात. तिच्या कडेला धातूची बारीक कड उठते, ती शाई धरून ठेवते आणि रेघ मखमलीसारखी काळी उमटते. प्रेसच्या दाबाखाली ही कड लवकर झिजते. म्हणजे एकाच प्लेटची सुरुवातीची प्रत आणि पुढे बऱ्याच काळाने काढलेली प्रत यांत जमीन-अस्मानाचं अंतर असू शकतं. नेटवर आपण नेमकी कुठली प्रत बघतोय, याकडे सहसा कुणी लक्ष देत नाही.

स्टेट म्हणजे प्लेटवर बदल करून पुन्हा छापण्याचा टप्पा. या चित्राच्या पहिल्या स्टेटमध्ये शंखामागे कोरा कागद आहे. दुसऱ्यात मागे दाट रेघांचा अंधार भरलाय, आणि त्याने शंख एकदम जड, हातात घ्यावा असा वाटायला लागतो. चांगल्या कॅटलॉगमध्ये दोन्ही शेजारी-शेजारी छापलेले असतात. निव्वळ तेवढ्यासाठी मी पैसे मोजायला तयार असतो. आणखी एक गंमत चांगली नोंद दाखवून देते. छापताना चित्र उलटं होतं, म्हणून रेम्ब्रांटने सही प्लेटवर उलटी कोरली आणि ती कागदावर सुलटी आली. शंख मात्र दिसला तसाच कोरला. त्यामुळे हिंदी आणि प्रशांत महासागरांतल्या या शंखाचा पीळ चित्रात चुकीच्या दिशेने फिरलाय.

‘बार्टश १५९’ हा व्हिएन्नाच्या राजग्रंथालयातल्या ॲडम बार्टशने १७९७ च्या रेम्ब्रांट-सूचीत दिलेला क्रमांक. तो आजही चालतो. त्याच्याआधीची सूची पॅरिसचा कलाव्यापारी झेर्सँ याची, त्याच्या मृत्यूनंतर १७५१ मध्ये छापलेली. याच झेर्सँने १७३६ मध्ये चक्क शंखशिंपल्यांच्या लिलावाचा कॅटलॉग काढला होता. शंख आणि मुद्राचित्रं तेव्हा एकाच हौशी संग्राहकाच्या कपाटात जाऊन बसत. फ्रेंच चित्रकार वातोने रंगवलेली दुकानाची प्रसिद्ध पाटी याच झेर्सँची.

तैलचित्रांच्या नोंदीत मी थेट मालकीच्या इतिहासाकडे आणि एक्स-रे तपासणीकडे जातो. नेदरलँड्समधल्या क्रोलर-म्युलर संग्रहालयात रानफुलं आणि गुलाबांचं एक मोठं स्टिल लाइफ आहे. १९७४ मध्ये ते व्हॅन गॉगचं म्हणून घेतलं. पण आकार त्याच्या मानाने फारच मोठा, सहीची जागाही विचित्र, म्हणून २००३ मध्ये त्याचं नाव काढून टाकलं. २०१२ मध्ये नव्या एक्स-रे तंत्राने फुलांखाली उघड्या अंगाचे दोन कुस्तीगीर स्पष्ट दिसले. १८८६ च्या जानेवारीत अँटवर्पहून भावाला लिहिलेल्या पत्रात व्हॅन गॉगने अशाच कुस्तीगिरांच्या चित्राचा उल्लेख केलाय. चित्र पुन्हा त्याच्या नावावर झालं. म्हणून कॅटलॉग कुठल्या साली छापलाय, हे आधी बघा. जुना असला तर टाकू नका, फक्त ‘चित्रकार कोण’ या ओळीवर डोळे मिटून विश्वास ठेवू नका.

मुद्राचित्रांच्या बाबतीत कॅटलॉगला आणखी एक महत्त्व आहे. कागदाला प्रकाश सोसत नाही, म्हणून ती साधारण ५० लक्सच्या (लक्स हे उजेड मोजायचं एकक) मंद उजेडात काही महिनेच मांडतात. मग वेगवेगळ्या शहरांतून आणलेल्या प्रती परत जातात आणि अंधाऱ्या पेट्यांत पडून राहतात. त्या पुन्हा एकाच भिंतीवर येतीलच असं नाही.

गोडी लागली तर लगेच खर्चात पडू नका, परदेशातून मागवलं तर टपालखर्चच डोळे पांढरे करतो. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयाने आणि लॉस एंजेलिसच्या गेटी संग्रहालयाने आपले बरेच जुने कॅटलॉग पीडीएफ रूपात मोफत ठेवलेत. मुंबईत असाल तर छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात टाटा बंधूंच्या संग्रहातली युरोपीय तैलचित्रं आहेत. तिथे एखाद्या चित्रापुढे उभं राहून त्याची नोंद स्वतः लिहून बघा: माध्यम, आकार, सही कुठे, चित्र कुणाकडून आलं. तुमच्या पुस्तकात शंख निघाला, तर कुठल्या स्टेटचा छापलाय तेवढं खाली कमेंटमध्ये कळवा.