मुलांच्या खाऊची जाहिरात करताना

मुलांच्या खाऊची जाहिरात पहिल्यांदाच करतोयस, तर स्क्रिप्टमधून आधी "आईला सांग, आजच आण" असली वाक्यं काढ. मुलांना थेट खरेदीला उचकवणं, आईबाबांच्या मागे लावणं ग्राहक संरक्षण प्राधिकरणाच्या २०२२ च्या सूचनांत बसत नाही. सात-आठ वर्षांच्या आतल्या पोराला समोरचा आपल्याला काही विकतोय हेच नीट उमगत नाही. त्याचा फायदा उठवणं मला तरी फसवणूकच वाटते.

गिऱ्हाईक एक दृश्य हमखास मागतं: भडंग किंवा शेंगदाण्याचा लाडू आणणारा मुलगा मान खाली घालून बसलाय, पाकीटवाल्याभोवती पोरं जमलीत. सांगलीत तर हे मुळीच करू नकोस. पारंपरिक खाण्यापेक्षा पाकीट सरस, असं भासवायलाही मनाई आहे. शिवाय ती लाज पोराच्या मनात रुतते आणि घरचा डबा न उघडताच परत येतो.

फ्लेक्सची जागा ठरवताना शाळेच्या फाटकापासून टेप धर. जास्त चरबी, मीठ, साखरेच्या पदार्थांची जाहिरात फाटकापासून कुठल्याही दिशेला ५० मीटरच्या आत चालत नाही, विक्रीही नाही. पाकिटात स्टिकर घालायचा आग्रह झाला तर नाही म्हण, पोरं खाऊसाठी नाही, स्टिकरसाठी हट्ट धरतात.