फांदी तिथेच राहू द्या

प्रश्न : गेल्या जुलैत मी आंबोलीला छायाचित्रणासाठी गेलो होतो. रात्री आमच्या वाटाड्याने मलबारचा उडता बेडूक गचपणातल्या फांदीवरून उचलून मोकळ्या पानावर ठेवला. छायाचित्र उत्तम आले, कौतुकही झाले. पण तेव्हापासून मनाला रुखरुख लागली आहे. माझे काही चुकले का? (एक वाचक, कोल्हापूर)

उत्तर : चुकले, आणि ही रुखरुख योग्यच आहे. बेडूक त्वचेवाटेही श्वास घेतो. त्यामुळे आपल्या हाताला लागलेले डास पळवायचे मलम त्याच्या अंगात सहज उतरू शकते. शिवाय ऐन पावसाळ्यात त्याने ती फांदी उगाच निवडलेली नसते. पाण्यावर ओणवलेल्या पानांत मादी मागच्या पायांनी स्राव घुसळून फेसाचे घरटे करते, त्यात अंडी घालते आणि काही दिवसांनी बेडूकमासे त्यातून टपटप खालच्या पाण्यात पडतात. असा फेस जवळून पाहिला, की वरचा पापुद्रा सुकलेला आणि खालची कड ओली होऊन ओघळू लागलेली दिसते. खाली पाणीच नसलेल्या पानावर नेऊन ठेवलेल्या बेडकाला आपण या साऱ्यापासून तोडतो. चापडा या विषारी सापाचेही तेच : तो एकाच जागी दबा धरून कित्येक दिवस बसतो, आणि काठीने हलवला की ती वाट पाहणे वाया जाते.

डोंगराशी नाते जुळायला तिथे पुन्हा पुन्हा, वेगवेगळ्या ऋतूंत जावे लागते. आंबोलीचा सडा, म्हणजे डोंगरमाथ्यावरचे जांभ्या खडकाचे पठार, मला खरा कळला तो वळवाच्या सरींनंतर. २००९ साली नवी जात म्हणून नोंदलेली आंबोलीची भेकी (बेडकाचाच एक प्रकार) जांभ्याच्या खळग्यांत साचलेल्या उथळ पाण्यात अंडी घालते; पावसाने ओढ दिली तर ती सुकतात, आणि आपला एक बूट पडला तरी संपतात. तेव्हापासून मी सड्यावर आधी बॅटरी खाली धरतो, मग पाऊल टाकतो.

यंदा त्याच जागी जा, पहिली रात्र कॅमेरा पिशवीतच ठेवा, पुढे फ्लॅश मोजकाच वापरा आणि वाटाड्याला निघण्यापूर्वीच सांगा, की काहीही हलवायचे नाही. त्याच्या मजुरीत मात्र काटछाट करू नका, कारण गिऱ्हाइकाला छायाचित्र मिळाले नाही तर पैसे बुडतील, या धास्तीनेच तो बेडूक उचलतो. गेल्या वर्षीच्या छायाचित्राखाली ‘बेडूक हाताने हलवलेला’ एवढे आजच लिहून टाका.