सांगोमाला मराठीत 'मांत्रिक' म्हणायचं का?

प्रश्न असा आलाय की दक्षिण आफ्रिकेवरच्या एका लेखाचं मराठी करताना 'सांगोमा'ला, म्हणजे पूर्वजांना विचारून दुखण्याचं कारण सांगणाऱ्या तिथल्या व्यक्तीला, काय म्हणायचं, मांत्रिक, वैदू की भगत? मला विचाराल तर मांत्रिक अजिबात नको. मांत्रिक म्हटलं की आपल्याला टाचण्या टोचलेलं लिंबू आणि पैसे उकळणारा बाबा आठवतो, आणि गोऱ्यांनी 'विच डॉक्टर' हे लेबल तिथल्या सगळ्यांना सरसकट चिकटवलं त्यातलाच प्रकार होतो हा. तिथल्या झुलू भाषेत करणी करणारा वेगळा, त्याला उमथाकाथी म्हणतात, आणि लोक सांगोमाकडे जातात ते बऱ्याचदा त्याच्या करणीवर उतारा शोधायला.

मुळात तिथे दोन शब्द आहेत. इन्यांगा म्हणजे साली, मुळ्या, पाला यांची औषधं देणारा (चंद्र आणि महिना यांनाही इन्यांगाच म्हणतात, पण ते असो). त्याला वैदू चाललं असतं, पण आपल्याकडे ते एका जमातीचं नावही आहे म्हणून मी 'झाडपाल्याचा वैद्य' लिहीन, आणि झुलूत झाड आणि औषध दोन्हीला उमुथीच म्हणतात त्यामुळे ते बसतंही छान.

सांगोमाचं प्रकरण वेगळं. हा किंवा ही, कारण यात बायका भरपूर असतात, पूर्वजांना विचारून दुखण्याचं कारण सांगणारी व्यक्ती. इम्फेफो नावाची सुगंधी वनस्पती जाळायची, हाडं टाकायची आणि ती कशी पडली ते वाचायचं. मनात आलं म्हणून कोणी सांगोमा होत नाही, पूर्वजांची हाक यावी लागते, ती बरेचदा न उलगडणाऱ्या आजारपणातूनच येते, मग गुरूकडे राहून शिकायचं, याला उकुथ्वासा म्हणतात. आपल्याकडचा भगत किंवा देवऋषी याच्या बराच जवळ जातो, पण भगत म्हटलं की वाचक थेट पालघर-जव्हारला पोचतो, म्हणून पहिल्यांदा 'सांगोमा, म्हणजे तिकडचे देवऋषी' असं लिहा आणि पुढे नुसतं सांगोमा.

शब्दाचा एवढा कीस काढायचं कारण म्हणजे लोक उपचाराला कुठे जातात तेही यावर ठरतं. सर्दी-तापासारखं साधं दुखणं म्हणजे उमखुहलाने, त्याला दवाखान्याची गोळी चालते, पण तेच दुखणं परत परत आलं की 'मलाच का' हा प्रश्न उरतो, त्याचं उत्तर डॉक्टरकडे नसतं, म्हणून एकच माणूस क्लिनिकमध्येही जातो आणि सांगोमाकडेही, आणि त्याला त्यात काही विसंगत वाटत नाही. अर्थात सांगोमाच्या नादात टीबीची औषधं मध्येच सोडली तर ते महागात पडतं, हेही खरंच.

सरकारी मजकूर असेल तर मात्र देवऋषी लिहू नका. तिथल्या 2007 च्या कायद्यात सांगोमा, इन्यांगा, सुईणी आणि सुंता करणारे या सगळ्यांना मिळून एकच नाव आहे, त्याला 'पारंपरिक आरोग्य उपचारक' म्हणा. जरा रुक्ष आहे, पण बरोबर आहे.