दोन वर्षांची मुदत

प्रश्न : मुलगा 23 वर्षांचा आहे. दिग्दर्शक व्हायचं म्हणतो, पण कोणी संधी देत नाही. माझ्या निवृत्तीच्या पैशांतून त्याला आधी निर्माता करायचं आणि आपल्याच चित्रपटाचं दिग्दर्शन त्याला द्यायचं, असं मी ठरवलंय. दोन वर्षांत जमलं नाही तर नोकरी धरायची, हे त्याच्याकडून लिहून घेतलंय. हल्ली तो फारसा बोलत नाही. मार्गदर्शन करावं. – एक वडील

उत्तर : 'हल्ली तो फारसा बोलत नाही', हे तुम्ही जाता जाता लिहिलंत. मी तिथेच अडकले. बापाने आयुष्यभराची पुंजी पुढ्यात ठेवायची आणि वर लेखी कबुली घ्यायची, मग पोरगा बोलणार काय? हो म्हणायचीही भीती, नाही म्हणायचीही. तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. त्याला कोणती गोष्ट सांगायची आहे, त्याने आजवर काही शूट केलंय का, याबद्दल त्यात अवाक्षर नाही. तो कागद आजच फाडा, त्याच्यासमोर.

आता निर्मात्याबद्दल. पैसे घालतो तो निर्माता, हा समज डोक्यातून काढून टाका. पैसे घालतो तो गुंतवणूकदार. स्वतंत्र निर्माता कथेचे हक्क मिळवतो, माणसं जमवतो, चार ठिकाणांहून पैसा उभा करतो आणि चित्रपट वितरकाच्या हाती जाईपर्यंत तो तडीस नेतो. पावसात सकाळ गेली, नटाची तारीख आजच संपतेय आणि चार सीन बाकी आहेत. कुठला गाळला तर गोष्ट लंगडी पडणार नाही? हे त्याला दिग्दर्शकासोबत उभ्या उभ्या ठरवावं लागतं. अशा दिवसांतून दिग्दर्शनाची नजर येते, आणि तिला वेळ लागतो. हॉलिवूडमध्ये आधी निर्माते आणि मग दिग्दर्शक झालेल्या स्टॅन्ली क्रेमर यांनी निर्मिती केलेला पहिला चित्रपट 1948 मध्ये आला, दिग्दर्शित केलेला पहिला 1955 मध्ये. अ‍ॅलन पाकुला या तिथल्याच निर्माता-दिग्दर्शकाच्या बाबतीत ही वर्षं 1957 आणि 1969. निर्माते इस्माईल मर्चंट यांनी दिग्दर्शक जेम्स आयव्हरींबरोबर 1961 मध्ये चित्रपट कंपनी काढली; मोठ्या लांबीचा कथापट स्वतः दिग्दर्शित केला तो थेट 1993 मध्ये. तुम्ही मुलाला दोन वर्षं दिलीत.

फिल्म स्कूलची प्रवेश परीक्षा द्यायची तर जरूर द्यावी, 23 म्हणजे उशीर नव्हे. पण आधी त्याने एखाद्या निर्मितीत असिस्टंट म्हणून लागावं. कॉल शीट (कोणी, कुठे, किती वाजता यायचं याचा शूटिंगचा रोजचा कागद), बजेट, करार हाताखालून जाऊ देत. नटाकडून काम काढून घेणं मात्र तिथे शिकायला मिळत नाही. त्यासाठी दहा मिनिटांची शॉर्ट फिल्म करावी, फोनवर का होईना, आणि एडिटिंगलाही स्वतः बसावं. जिथे आपला सीन रेंगाळतो, तिथे तो आपल्याच हाताने कापावा लागतो.

तुमचे पैसे तुमच्या म्हातारपणाचे आहेत, त्यांना हात लावू नका. डोक्यावर छप्पर आणि दोन वेळचं जेवण एवढं तुमच्याकडून मिळालं, तरी या धंद्यात ते फार मोठं पाठबळ आहे.

पुढचं पत्र त्याला लिहू दे. पहिला चित्रपट कशाबद्दल करायचाय, एवढंच त्याने मला कळवावं.